सरळ भिंतीचा दाखला

आधी एक गोष्ट डोक्यात पक्की बसवून घ्या. भिंत सरळ होती. पहिल्या दिवशी सरळ होती, शेवटच्या दिवशी सरळ होती, आत्ता या घटकेला कोणी जाऊन लेव्हल लावली तरी सरळच निघेल. मधल्या दहा-बारा दिवसांत जे काही रामायण झालं ते भिंतीमुळे नाही झालं, माणसांमुळे झालं.

हे असं ठणकावून सांगावं लागतं, कारण बिल्डिंगमध्ये आजही कोणालाही विचारा, एकच उत्तर मिळतं. "फूटपट्टीबाईंनी भिंत वाकडी करून घेतली होती. मग गुपचूप सरळ केली." गुपचूप म्हणे! भिंत काय शर्टाची कॉलर आहे, कोणी बघत नाही बघून सरळ करायला?

फूटपट्टीबाई म्हणजे दुसऱ्या मजल्यावरच्या. हे नाव त्यांच्या तोंडावर घ्यायची कोणाची टाप नव्हती, पण पाठ वळली की सगळे घ्यायचे. बाई वह्यांच्या कारखान्यात होत्या, बावीस वर्षं. काम एकच. मशीनमधून रेघा मारलेले कागद सर्रसर्र बाहेर पडायचे आणि बाई टेबलापाशी उभ्या राहून ते नजरेखालून घालायच्या. हजारात एखाद्या कागदाची रेघ केसभर तिरकी असली की बाईंचा हात जायचाच. झप्प! कागद बाहेर. फूटपट्टी नाही, यंत्र नाही, नुसती नजर. हाताखालच्या मुली म्हणायच्या, बाईंना तिरकी रेघ झोपेत पण टोचते. खोटं नव्हतं ते. लग्न ठरायच्या आधी मुलगा बघायला गेल्या तेव्हा बाईंनी मुलाकडे बघितलंच नव्हतं, त्याच्या डोक्यावरची फोटोची चौकट सरळ केली होती आणि मग "चालेल" म्हणाल्या होत्या. आता ते चौकटीला म्हणाल्या की मुलाला, हे त्या मुलाला आजपर्यंत कळलेलं नाही.

तर बिल्डिंगच्या दारातून आत शिरलं की समोर जी भिंत लागते, तिचं प्लास्टर पडलं. तिथं टाइल्स लावायच्या ठरल्या. देखरेख कोणी करायची? सगळ्यांनी एका सुरात बाईंचं नाव घेतलं. सेक्रेटरी तर म्हणाले, "वहिनी, तुमच्या नजरेखालून गेलं की आम्ही डोळे मिटून पास." बाईंना बरं वाटलं. कोणाला नाही वाटणार? बावीस वर्षं ज्या नजरेला कारखान्यात कोणी एक टाळी दिली नाही, तिला अख्ख्या बिल्डिंगने हार घातल्यासारखं झालं.

मिस्त्री पण बाईंनीच शोधला. हाडकुळा, कानामागे पेन्सिल, दिवसाला दहा शब्द बोलणारा. खिशात दुरुस्ती कार्यालयाचं निळं परवाना-कार्ड, प्लॅस्टिकच्या पिशवीत जपून ठेवलेलं. दुकानदाराकडे पुरेशा टाइल्स दोनच रंगांत होत्या, काळ्या आणि पांढऱ्या. मिस्त्रीने जमिनीवर चार मांडून दाखवल्या. काळी, पांढरी, काळी, पांढरी, सांध्यावर सांधा.

बाई म्हणाल्या, "बुद्धिबळ खेळायचंय का भिंतीवर? प्रत्येक ओळ अर्धी टाइल पुढे सरकवा. सांध्यावर सांधा आला की काम कच्चं."

कारखान्यात कागदाचे गठ्ठे असेच सरकवून रचतात, म्हणून बाईंच्या डोक्यात ते घट्ट. आता टाइलला आणि गठ्ठ्याला काय संबंध? मिस्त्रीला माहीत होतं की काही नाही. पण तो म्हणाला, "तुम्ही म्हणाल तसं, ताई." झाले चार शब्द.

"आणि सांध्यात पांढरा माल नको, मळतो. काळा पण नको, भिंत रुसल्यासारखी दिसते. राखाडी भरा. मस्त उठून दिसली पाहिजे रेघ."

काळ्या-पांढऱ्या टाइल्स, अर्ध्याने सरकलेल्या ओळी, राखाडी सांधे. या तीन गोष्टी लक्षात ठेवा. सगळा घोळ यांनीच केला. वाळू, सिमेंट, मिस्त्री, पाया, कोणाचा काही दोष नाही.

तीन दिवस काम चाललं. मिस्त्री प्रत्येक ओळीला दोरी लावायचा, लेव्हल ठेवायचा, काचेतला बुडबुडा बरोब्बर मधे आला की पुढची टाइल. बाई कारखान्यातून आल्या की भिंतीला नाक लावून एकेक सांधा तपासायच्या. नाक लावूनच, कारण मागे सरकायला जागाच नव्हती, वाळूचा ढीग होता. जवळून बघताना एक टाइल इकडची तिकडे नाही. बाई खूश.

चौथ्या दिवशी सकाळी वाळू उचलली. बाई डबा घेऊन कामाला निघाल्या होत्या, म्हटलं जरा दारातून एक नजर टाकावी. वळून बघितलं, आणि डबा खाली ठेवला.

भिंत वाकडी होती. थोडी नाही, ठार वाकडी. एक ओळ डावीकडे निमुळती, तिच्या खालची उजवीकडे निमुळती, परत खालची डावीकडे. जणू कोणी पाचरी ठोकत ठोकत भिंत रचलीये. बाईंनी चष्मा काढला, पदराने पुसला, परत लावला. वाकडीच. जवळ जाऊन सांध्यावर बोट ठेवलं, बोट सरळ गेलं. मागे आल्या. वाकडी. पुढे. सरळ. मागे. वाकडी.

बाईंनी आजूबाजूला बघितलं. कोणी नव्हतं. मनाशी म्हणाल्या, बोलायचं नाही. कोणाला दिसलं नाही म्हणजे मिळवली.

"वहिनी!" जिन्यावरून सेक्रेटरींचा आवाज. "अहो हे काय? भिंत पिऊन आलीय का?"

पाच मिनिटांत अख्खी बिल्डिंग खाली. एरवी पाण्याची टाकी वाहून जाईपर्यंत कोणी दार उघडत नाही, पण दुसऱ्याचं काम बिघडलंय म्हटलं की माणसं कशी पळत येतात बघा. तळमजल्यावरचे आजोबा म्हणाले, "पाया खचलाय. मी कधीचा सांगतोय." ते कधीचे सांगत होते हे खरं, पण ते नळ गळला तरी पाया खचलाय म्हणतात. तिसऱ्या मजल्यावरची मावशी म्हणाली, "माझं तर बघूनच गरगरतंय बाई, बोटीत बसल्यासारखं." एकाने सुचवलं, समोर मोठा आरसा लावा म्हणजे लक्ष जाणार नाही. म्हणजे एक वाकडी भिंत पुरत नाही, दोन पाहिजेत!

"भिंत सरळ आहे," बाई म्हणाल्या.

"आम्ही काय आंधळे आहोत का?"

"मिस्त्री, लेव्हल लावा."

मिस्त्रीने लावली. बुडबुडा मधोमध. उलटी फिरवून लावली, तरी मधोमध. खालच्या ओळीला, वरच्या ओळीला, मधल्या ओळीला, मधोमध, मधोमध, मधोमध.

सेक्रेटरींनी वाकून बघितलं आणि म्हणाले, "बुडबुडा अडकला असेल."

बाईंचं डोकं असं सटकलं की त्या डबा तिथंच विसरून कामाला गेल्या. संध्याकाळी घरी येऊन नवऱ्याला म्हणाल्या, "अहो, भिंत सरळ आहे, आणि ही माणसं वाकडी म्हणतात."

"असेल," नवरा म्हणाला.

"काय असेल? सरळ असेल की वाकडी असेल?"

"असेल."

हे गृहस्थ पाणीपुरवठ्याच्या कचेरीत तक्रारींच्या खिडकीवर बसायचे. पाणी नाही म्हणा, गढूळ आहे म्हणा, त्यांचं उत्तर तयार, असेल. त्यात होकारही नाही, नकारही नाही, आणि भांडणाऱ्याला पकडायला शेंडीही नाही. तीस वर्षं खिडकीवर टिकून राहिले ते या एका शब्दावर.

दुसऱ्या दिवशी त्या भिंतीवर टपालपेट्यांचं कपाट बसवायचं होतं. सोळा घरांच्या सोळा पेट्या, प्रत्येकीला छोटं दार. सुतार कोण, तर सेक्रेटरींचा सख्खा मेहुणा. बाई म्हणाल्या, लेव्हल लावून बसवा. मेहुणा हसला. "ताई, लेव्हल शिकाऊ पोरांना लागते. मी टाइलच्या रेघेला धरून नजरेने मारतो." सेक्रेटरी दारात उभे राहून हात हलवायला लागले. "डावीकडून खाली... अजून... अजून थोडं... बस्स! ठोक!" चार स्क्रू पिळले गेले.

बाईंनी लेव्हल ठेवली. बुडबुडा धावत जाऊन एका टोकाला चिकटला. कपाट डावीकडे चांगलं दोन बोटं खाली!

"अहो, हे वाकडं बसलंय!"

"वाकडं कुठंय? रेघेला बरोबर आहे. आता भिंतच तुमची वाकडी, तर लेव्हल कपाटाला काय म्हणून धरता?"

आणि संताप कशाचा, तर दारातून बघितलं की ते कपाट खरंच सरळ दिसायचं. वाकडं कपाट सरळ आणि सरळ भिंत वाकडी. फक्त पेट्यांची दारं तेवढी खरं बोलायची. कोणी हात न लावता हळूच, कर्र करत उघडायची.

इथपर्यंत भांडण घरातलं होतं. मग दुरुस्ती कार्यालयाचे इन्स्पेक्टर आले, काम पूर्ण झाल्याचा दाखला द्यायला. बगलेत फाइल, नाकावर चष्मा. दारात थांबले. पाच सेकंद बघितलं आणि लिहायला लागले.

बाईंनी मान लांब करून वाचलं. 'नजरपाहणी : भिंत झुकलेली. धोकादायक.'

"धोकादायक? साहेब, लेव्हल लावून बघा ना!"

"बाई, फॉर्ममध्ये नजरपाहणीचा रकाना आहे. लेव्हलचा रकाना नाही."

"मग लेव्हल खोटी का?"

"खोटी म्हणत नाही मी. रकाना नाही म्हणतो."

आता या माणसाशी काय बोलायचं? त्यांनी लाल-पांढरी फीत काढली, भिंतीपुढे आडवी बांधली, वर नोटीस डकवली. दहा दिवसांत भिंत पाडा, नाहीतर कार्यालयाची माणसं येऊन पाडतील. तोवर हा रस्ता बंद. म्हणजे सोळा घरांची माणसं आता मागच्या फाटकातून, कचऱ्याच्या डब्यांमधून वाट काढत जाणार-येणार, आणि प्रत्येक फेरीला बाईंच्या नावाने बोटं मोडणार. टपाल काढायचं तर फितीखालून वाकायचं.

पण ते राहू दे. जाता जाता इन्स्पेक्टरनी मिस्त्रीपुढे हात केला. "कार्ड." मिस्त्रीने खिशातून प्लॅस्टिकची पिशवी काढली, तिच्यातून निळं कार्ड काढलं आणि दिलं. भिंत पाडली की परवाना रद्द.

सगळे पांगल्यावर मिस्त्री पायरीवर बसला. रिकामी पिशवी घडी घालून परत खिशात ठेवली. म्हणाला, "ताई, एकोणचाळीस वर्षं भिंती लावतोय. कार्ड गेलं तर मला कोणी वाळू चाळायला पण उभं करणार नाही."

एवढं लांब तो पहिल्यांदाच बोलला. ओळी सरकवायला कोणी सांगितलं? राखाडी भरायला कोणी सांगितलं?

"भिंत सरळ आहे," बाई म्हणाल्या. "तुमचं कार्ड मी आणून देते. माझा शब्द."

तिथून बाईंचे हेलपाटे सुरू. दुरुस्ती कार्यालयात तीन नंबरच्या खिडकीत एक कारकून होता, पेनाचं टोपण चावत बसलेला. बाईंनी लेव्हल त्याच्यापुढे आपटली.

"या लेव्हलचा दाखला आहे का?" तो म्हणाला.

"कसला दाखला?"

"ती बरोबर असल्याचा. वजनमापवाल्यांकडून आणा."

वजनमापाच्या कचेरीत साहेबांनी लेव्हल हातात घेऊन जोखली. "यात वजन किती बसतं?"

"वजन नाही बसत. बुडबुडा आहे."

"बुडबुडा आमच्याकडे येत नाही."

परत तीन नंबर. कारकुनाने टोपण दुसऱ्या बाजूने चावायला घेतलं. "असं बघा बाई. सगळ्यांना भिंत वाकडी दिसते. तुम्ही एकट्या सरळ म्हणता. मग तुमचे डोळे तपासायला नकोत का? डोळ्यांचा दाखला आणा, मग अर्ज घेतो."

डोळे! फूटपट्टीबाईंचे डोळे! घरी येईपर्यंत बाईंच्या कानातून वाफ निघत होती. "अहो, मला म्हणतो डोळे तपासा! मला! पट्टीच्या पोहणाऱ्याला बादलीत बुडेल म्हणण्यासारखं आहे हे. आणि मी जायचं?"

"जाऊन ये," नवरा म्हणाला. असेल न म्हणता दुसरा शब्द वापरला, म्हणजे प्रकरण गंभीर होतं.

डोळ्यांची डॉक्टर पोरसवदा होती. समोर अक्षरांचा तक्ता. बाईंनी शेवटची, मुंगीएवढ्या अक्षरांची ओळ घडाघडा वाचली आणि वर म्हणाल्या, "तक्ता उजवीकडे उतरलाय. खिळा ढिला आहे." डॉक्टरने उठून बघितलं. खिळा ढिला होता. तिने खुर्ची बाईंच्या जवळ ओढली.

"तुम्हाला कशाला पाठवलंय हो इथं?"

बाईंनी मोबाइलवर भिंतीचा फोटो दाखवला. डॉक्टर हसली. "काय सुंदर वाकडी दिसते! तुम्हाला कशी दिसते?"

बाईंनी मोबाइल पालथा ठेवला. इतक्या दिवसांत हा प्रश्न बाईंना कोणी विचारलाच नव्हता. सगळे आपलं सांगत होते.

"मला पण वाकडीच दिसते," बाई अगदी हळू म्हणाल्या, आणि डोळ्यात टचकन पाणी आलं, रागाचं. "लेव्हल सरळ सांगते, बोट सरळ सांगतं, आणि हे मेले डोळे! बावीस वर्षं यांच्या जिवावर खाल्लं मी."

"डोळे उत्तम आहेत. अहो, डोळा हा नुसता पोस्टमन. तो पाकीट आणून टाकतो. वाचतो मेंदू." डॉक्टरने कागद ओढला आणि काळे-पांढरे चौकोन काढले, एक ओळ अर्धी सरकवून, मधे पेन्सिलीची राखाडी रेघ. "हे बघा. जिथं काळ्यासमोर पांढरा येतो आणि मधे ही राखाडी, तिथं मेंदू गोंधळतो. त्याला रेघ एका टोकाला बारीक, दुसऱ्या टोकाला जाड भासते. अशी टीचभर पाचर. मग पुढच्या कोपऱ्यात तशीच, त्याच्या पुढे तशीच. मेंदू काय करतो, त्या सगळ्या पाचरी जोडून एक लांब तिरकी रेघ बनवतो आणि तुम्हाला दाखवतो."

"म्हणजे माझं डोकं खोटं बोलतं?"

"सगळ्यांचंच बोलतं."

"सेक्रेटरींचं पण?"

"त्यांचं पण."

इतक्या दिवसांत बाईंना पहिल्यांदा गार वाटलं. "मग हे लिहून द्या. भिंत सरळ आहे म्हणून."

"डोळ्यांचं देते. भिंत माझी पेशंट नाही."

दाखला मिळाला. दोन्ही डोळे उत्तम. बाई त्याच दमात तीन नंबरला गेल्या आणि दाखला खिडकीतून आत सारला. कारकुनाने तो दोनदा वाचला. टोपण तोंडातून काढलं.

"छान. मग या उत्तम डोळ्यांना भिंत कशी दिसते?"

इथं खोटं बोलता आलं असतं. दुसरं कोणी असतं तर बोललं असतं. पण बाईंनी आयुष्यात तिरकी रेघ सरळ म्हणून पुढे ढकलली नव्हती.

"दिसते वाकडी. पण..."

"झालं तर!" त्याने लिहायला घेतलं. "अर्जदाराच्या उत्तम नजरेलाही भिंत वाकडीच दिसते. अर्ज निकाली." आणि शिक्का मारला, ठप्प. बाईंच्या डोळ्यांचा दाखला बाईंच्याच भिंतीविरुद्ध फाइलला लागला! यापेक्षा चपलेने मारलं असतं तर परवडलं असतं.

संध्याकाळी बाई जिन्याच्या तिसऱ्या पायरीवर उभ्या राहिल्या आणि सगळ्यांना गोळा करून काळा, पांढरा, राखाडी, पाचरी, पोस्टमन, सगळं समजावलं. "तुम्ही बघता ते खरं नाही. हा दृष्टिभ्रम आहे. स्वतःच्या डोळ्यांवर असा आंधळा विश्वास ठेवू नका!"

खालचे आजोबा म्हणाले, "म्हणजे पाया तर खचलाय, पण मेंदूचा."

तिसऱ्या मजल्यावरची मावशी म्हणाली, "आम्हाला वेड लागलंय म्हणते हो ही."

सेक्रेटरी नुसते हसले, आणि ते हसू बाईंना रात्रभर पुरलं.

नोटिशीच्या आठव्या दिवशी बाई कारखान्यात डब्याच्या सुट्टीत जेवल्या नाहीत. वह्यांच्या पुठ्ठ्याचे काळे-पांढरे तुकडे कापले, टेबलावर ओळीने मांडले, अर्धे सरकवून. मधे राखाडी कागदाच्या पट्ट्या. लांब उभं राहून बघितलं. वाकडं! तीच भिंत, टेबलावर. हाताखालच्या मुली कुजबुजायला लागल्या. बाईंनी राखाडी पट्टी ओढून काढली आणि तिच्या जागी पांढरी टाकली, लेबलांच्या कागदाची. रेघ थोडी वठणीवर आली. मग पांढरी काढून काळी टाकली.

रेघ सरळ झाली. शहाण्या मुलीसारखी, गपचूप, सरळ.

बाईंनी पट्टी काढली, राखाडी टाकली. वाकडी. काळी टाकली. सरळ. दहा वेळा केलं. मग डबा न उघडताच परत पिशवीत टाकला आणि मुकादमाला म्हणाल्या, "उद्या अर्धा दिवस रजा." बावीस वर्षांतली पहिली. मुकादमाने विचारलं, कोण आजारी आहे का? बाई म्हणाल्या, "भिंत."

नवव्या दिवशी भर दुपारी, अर्धी बिल्डिंग कामावर आणि अर्धी झोपेत असताना, बाई आणि मिस्त्री फितीखालून आत शिरले. नवऱ्याला फाटकापाशी पेपर घेऊन बसवलं होतं. कोणी आलं तर खोकायचं. मिस्त्रीने काळा माल कालवला, आणि दोघं जुने टूथब्रश घेऊन एकेका सांध्यावरून फिरायला लागले. एक टाइल हलवली नाही. एक टवका उडवला नाही. नुसता राखाडीवर काळा हात. मधेच फाटकापाशी जोरात खोकला ऐकू आला आणि तिसऱ्या मजल्यावरच्या मावशीचा आवाज.

"काय हो, सर्दी झाली का?"

"असेल."

"पाऊल वाजल्यासारखं झालं आत."

"असेल."

मावशी कंटाळून वर गेली. तो शब्द त्या दिवशी खरा कामाला आला.

चार तासांनी शेवटचा सांधा झाला. दोघं पाठीने चालत चालत दारापर्यंत आले. काळ्या रेघा, त्यांच्यात पांढरे चौकोन, शाळेतल्या कवायतीसारखे रांगेत उभे. एक इकडे नाही, एक तिकडे नाही. मिस्त्रीने कानामागची पेन्सिल काढली, एका डोळ्यापुढे आडवी धरली, परत कानामागे ठेवली आणि नाक ओढलं.

दहाव्या दिवशी इन्स्पेक्टर आले. सोबत घण घेतलेली दोन माणसं. मागे अख्खी बिल्डिंग. दारात थांबले. पाच सेकंद बघितलं. मग चष्म्यावरून बघितलं.

"सरळ केली?"

"सरळच होती," बाई म्हणाल्या. "फक्त सांधे रंगवलेत."

"वा वा!" सेक्रेटरी पुढे झाले. "वहिनी, मानलं तुम्हाला! चूक झाली तर झाली, पण रातोरात अख्खी भिंत काढून परत लावली. असं मोठं मन पाहिजे."

"अहो, काढली नाही! हात पण लावला नाही! तुमच्या डोळ्यांनी तुम्हाला फसवलं होतं!"

"हो हो," मावशी म्हणाली, "आता कशाला लाज वाटून घेता? होतं माणसाकडून."

इन्स्पेक्टरनी फॉर्म काढला. 'नजरपाहणी : भिंत सरळ. दोष दूर केला.' खाली एक ओळ छापलेली होती. 'मूळ कामातील चूक मान्य आहे.' पुढे सहीसाठी ठिपक्यांची रेघ.

"इथं सही करा."

"चूक नव्हतीच."

"मग दोष दूर कसा झाला? चूकच नाही तर दाखला कशाचा देऊ? सही नसेल तर जुना शेरा तसाच राहतो." घणवाल्याने घण या खांद्यावरून त्या खांद्यावर घेतला. फाइलमध्ये, कागदांच्या वर, निळं कार्ड टाचणीला लावलेलं दिसत होतं.

बाईंनी कार्डाकडे बघितलं. मिस्त्री लांब, फाटकापाशी उभा होता. आत यायची हिंमत नव्हती त्याची. एक हात वरच्या खिशावर होता, रिकाम्या पिशवीवर. बाईंच्या तोंडाशी बरंच आलं होतं, ते त्यांनी तिथंच ठेवलं.

पेन घेतलं आणि सही केली. बावीस वर्षांत एक खोटी रेघ पास केली नव्हती, ती त्या दिवशी स्वतःच्या नावाने केली. आणि ठिपक्यांच्या रेघेवर अशी काटेकोर केली की छापल्यासारखी दिसत होती.

"कार्ड," बाई म्हणाल्या आणि हात पुढे केला. इन्स्पेक्टरनी टाचणी काढली. बाईंनी फाटकापर्यंत जाऊन कार्ड मिस्त्रीच्या हातात दिलं. त्याने ते पिशवीत घातलं, पिशवी खिशात घातली, वरून दोनदा थोपटलं आणि म्हणाला, "ताई, पुढच्या वेळी बुद्धिबळ."

इथं संपायला हरकत नव्हती. फीत निघाली, घण गेले, माणसं पुढच्या दाराने जायला-यायला लागली. पण बाई वळल्या आणि त्यांची नजर कपाटावर गेली.

भिंत आता सरळ दिसत होती ना? मग तिच्यावरचं कपाट जसं होतं तसं दिसायला लागलं. ठार वाकडं. डावीकडे दोन बोटं खाली.

"सेक्रेटरीसाहेब," बाई म्हणाल्या, आणि आवाजात दहा दिवसांचं साठलेलं होतं, "ते कपाट बघा जरा."

सेक्रेटरींनी बघितलं. डोकं डावीकडे कललं. मेहुण्याने पण बघितलं, त्याचं पण कललं. मग सेक्रेटरींनी मान सरळ केली.

"भ्रम आहे हो वहिनी. दृष्टिभ्रम. काळा-पांढरा, पाचरी. तुम्हीच नाही का सांगितलं? डोळ्यांवर विश्वास ठेवायचा नाही."

बाईंनी धावत जाऊन लेव्हल आणली. कपाटावर ठेवली. बुडबुडा टोकाला जाऊन बसला. "आता?"

"त्या लेव्हलचा दाखला आहे का?"

सगळे हसले आणि गेले. बाई एकट्या उभ्या राहिल्या, हातात लेव्हल. पाचव्या पेटीचं दार, त्यांच्याच घराचं, हळूच कर्र करत उघडलं.

फाटकापाशी पेपरची घडी घालून नवरा आत आला. जिन्याकडे वळता वळता थांबला. भिंतीकडे बघितलं. मग कपाटाकडे. चष्मा वर केला, खाली केला.

"अगं," तो म्हणाला, "हे कपाट वाकडं आहे. डावीकडे दोन बोटं."

बाई वळल्या. तीस वर्षांत या माणसाने कोणत्याही गोष्टीला हो किंवा नाही म्हटलं नव्हतं. दहा दिवस बायको एका शब्दासाठी जळत होती, तेव्हा हा पेपर वाचत होता. बाईंनी लेव्हल कमरेवर ठेवली.

"आता दिसलं होय? इतके दिवस कुठं होते डोळे?"

"असेल," नवरा म्हणाला आणि मेहुण्याचा विसरलेला स्क्रू-ड्रायव्हर कपाटावरून उचलून बाईंच्या हातात दिला. "तू लेव्हल बघ. मी डावीकडून धरतो."